साठावी फरशी

तीर्थरूप मामांस,

साष्टांग नमस्कार. (आठही अंगे जमिनीला टेकवूनच घातला आहे. ती जमीन नेमकी कोणाची, हे पत्रात पुढे येईल.) मामींचा गुडघा आता कसा आहे? जिना टाळावा आणि पाट घेऊन बसू नये, असे माझे मत आहे, आणि गुडघ्यांच्या बाबतीत माझे मत धरायला हरकत नाही, कारण फरशीवाल्याचे निम्मे आयुष्य गुडघ्यांवरच जाते. आमच्याकडे चौघेही ठीक. बाबांचा खोकला गेला. आई तुमची आठवण काढते, पण रागाने नव्हे.

तुमचे पत्र मिळाले. अक्षर मामींचे होते, पण खोचक प्रश्न तुमचाच होता, हे आईने लगेच ओळखले. "घर घेतलेस म्हणे. कितीला पडले?" एवढाच प्रश्न, आणि खाली, घराला भेट म्हणून लोखंडी कपाट पाठवतो, ही ओळ. प्रश्न एका ओळीचा असला तरी उत्तराला मला तीन महिने लागले. त्यात आळस नाही. मी उत्तर तीन वेळा लिहिले आणि तिन्ही वेळा ते चुकीचे निघाले. आता जे लिहितो आहे ते बरोबर आहे आणि ते लिहिताना माझी मान ताठ आहे, हे आधीच सांगतो, म्हणजे मधला भाग वाचताना तुम्ही काळजी करणार नाही.

घर दोन खोल्या आणि स्वयंपाकघर असे आहे. किंमत पंचवीस लाख. त्यातले पाच आमचे (बाबांच्या निवृत्तीचे, माझे, आणि तुमच्या सूनबाईचे, जी औषधांच्या दुकानात उभी राहून कमावते आणि हे मला विसरू देत नाही). वीस लाख बँकेचे, वीस वर्षांच्या मुदतीने, नऊ टक्क्यांनी. बांधणाऱ्याने जमीन उघडीच दिली होती, म्हणून थोडे स्वस्त पडले. फरशी मी स्वतः बसवली. मामा, मी लोकांच्या घरात पुष्कळ फरशी बसवली आहे, पण अशी नाही. एका भिंतीपासून दुसऱ्या भिंतीपर्यंत दोरी धरा, एक सांधा इकडचा तिकडे नाही. गोटी ठेवली तर ती विचार करत जागच्या जागी राहते. कामावरचे लोक मला 'काटकोन' म्हणतात ते चिडवायला म्हणतात, पण मी ते तसे घेत नाही.

तर एकूण फरश्या बसल्या पंचाहत्तर. पंचवीस लाखांना पंचाहत्तर, म्हणजे एक फरशी तेहतीस हजारांच्या थोडी वर. स्वयंपाकघरात बरोबर पंधरा आहेत, म्हणजे आमचे पाच लाख. याचा अर्थ स्वयंपाकघर पहिल्या दिवसापासून आमचे, आणि दोन खोल्यांतल्या साठ फरश्या बँकेच्या. मी नववीत शाळा सोडली, पण भागाकार माझ्याबरोबर बाहेर आला होता. साठ फरश्या, वीस वर्षे, म्हणजे दरवर्षी तीन. हप्त्यात जे जास्तीचे जाते ते बँकेचे कष्ट, असे मी धरले. आमच्या धंद्यात गिऱ्हाईक टप्प्याटप्प्याने पैसे देते आणि जेवढे पैसे आले तेवढी जमीन त्याची झाली, असा रिवाज आहे. बँकेचा रिवाज वेगळा असेल असे मला वाटायचे कारण नव्हते.

मग क्रम ठरवला. फरशी नेहमी आतल्या कोपऱ्यापासून दाराकडे लावत आणायची असते, नाहीतर बसवणारा आतच अडकतो. म्हणून घरही त्याच क्रमाने आपले करायचे. आतल्या खोलीचा मागचा कोपरा म्हणजे पहिली फरशी, आणि बाहेरच्या खोलीत दाराला लागून जी खिडकी आहे तिच्याखालची साठावी. आपली झालेली फरशी ओळखू यावी म्हणून तिचे सांधे लाल सिमेंटने भरायचे, बाकीचे पांढरे. हे सगळे मी जेवताना समजावून सांगितले. आईने फक्त एकच विचारले, खिडकीखालची कधी. मी म्हटले, विसाव्या वर्षी. आईने मनातल्या मनात स्वतःचे वय धरले (मला ते चेहऱ्यावर दिसले) आणि म्हणाली, "बरं. तोवर गुंडाळूनच ठेवते."

गुंडाळून काय ठेवायचे ते तुम्हाला माहीत आहे. आजोबा, आजी, आई आणि तुम्ही, असा तो काचेचा मोठा फोटो. भाड्याच्या सात घरांत तो जुन्या चादरीत बांधून खाटेखाली राहिला, कारण सातही घरमालकांची पहिली अट होती की भिंतीला खिळा ठोकायचा नाही. आईने आयुष्यात भिंतीत खिळा ठोकलेला नाही. मी म्हटले, अगं, आता ठोक, कोण विचारतो. ती म्हणाली, दुसऱ्याच्या भिंतीत नको. आणि हा फोटो एवढी वर्षे अंधारात राहिला, तर लावायचा तो खिडकीपाशी, उजेडात, नाहीतर नाहीच. तुम्ही तिचे भाऊ आहात, तेव्हा तिला समजावणे म्हणजे काय हे तुम्हाला मी सांगायला नको.

वर्ष झाले. एकही हप्ता चुकला नाही. (महिन्याला सतरा हजार नऊशे पंचाण्णव, मी दोन दिवस आधीच भरतो, कारण घड्याळांवर माझा विश्वास नाही.) मी आतल्या कोपऱ्यातल्या तीन फरश्यांचे सांधे लाल भरले. बाबा त्या तिन्हींवर आळीपाळीने उभे राहिले. आयुष्यभर ते रखवालदार होते, त्यामुळे उभे राहण्याची त्यांना सवय आहे, पण त्या दिवशी ते पाहुण्यासारखे उभे राहिले. म्हणाले, "वेगळंच लागतं रे पायाला." सूनबाई म्हणाली, पायाला नाही, सिमेंट ओलं आहे. मी मात्र शेजारच्या शिंप्याला बोलावून दाखवले, खालच्या मजल्यावरच्या मास्तरीणबाईंना दाखवले, आणि तुम्हाला पहिले पत्र लिहायला बसलो. तेवढ्यात वाटले, मामांना लिहायचे तर बँकेचा कागद सोबत असावा. इथे घात झाला.

कर्जाच्या खिडकीवर एक बाई बसतात. चष्मा दोरीला, आवाज शांत. मी त्यांना तीन फरश्यांचा दाखला मागितला. त्यांनी सगळे ऐकून घेतले, मध्ये हसल्या नाहीत (फक्त एकदा पाणी प्यायल्या), आणि कागद काढून दिला. वर्षभरात आम्ही भरले होते दोन लाख सोळा हजारांना साठ कमी. त्यातले मुद्दलात गेले सदतीस हजार आणि काही. म्हणजे फरशी एक. आणि दुसरीचा कोपरा, ज्यावर चहाची बशी राहील. मी म्हटले, बाई, आमच्यात तीन फरश्यांचे पैसे घेऊन एक बसवली तर गिऱ्हाईक थापी फेकून मारेल. त्या म्हणाल्या, "तुमच्यात कुणी उधारीवर सगळं घर बसवून वीस वर्षं पैशांची वाट बघतं का?" मी तर आठवडाभर थांबत नाही.

मग त्यांनी समजावले. व्याज दर महिन्याला शिल्लक कर्जावर बसते. सुरुवातीला कर्ज जवळजवळ पुरे वीस लाख असते, म्हणून व्याजही दांडगे. हप्ता आला की आधी ताट व्याज ओढते, उरलेसुरले मुद्दलाला. जसे मुद्दल घटेल तसे व्याजाचे पोट लहान होत जाते, पण त्याला वर्षे लागतात. मी विचारले, वीस वर्षे सांगाल तसे वागलो तर एकूण किती? त्यांनी संगणकाचा पडदा माझ्याकडे वळवला. मी आकडा शाळेत शिकलो तसा उजवीकडून वाचला, एकं, दहं, शतं करत, आणि मग पुन्हा एकदा, कारण दशलक्षावर चार आहे हे मला पटेना. त्रेचाळीस लाख अठरा हजार आठशे. एका फरशीला बहात्तर हजारांना वीस कमी. बाई म्हणाल्या, "हे सही करताना तुम्हाला दिलेल्या कागदांत होतं." ते खरे आहे. मी ते कागद पूर्ण वाचले होते. पण मी सगळे शब्द वाचले, मामा, आणि आकडा नुसता पाहिला.

घरी सांगितले तेव्हा बाबांनी आधी बोटांवर हिशेब केला. मग म्हणाले, "पैसे दोन घरांचे, मग दुसरं घर कुठाय?" मी पाते घेऊन दोन फरश्यांचे लाल सांधे खरवडून काढले. केलेले काम उकरण्याची ही माझी पहिलीच वेळ, आणि नेमका शिंपी तेव्हाच येऊन हसला. त्या दिवसापासून घरात सगळ्यांना वाचा फुटली. सूनबाई केर काढताना म्हणे, हा आपला कचरा, तो बँकेचा, तो बँकेनं उचलावा. बाबा रात्री अंथरूण घालताना म्हणत, जन्मभर दुसऱ्याच्या जागेची राखण केली, आता घरी येऊनही तेच, आणि बिनपगारी. (दुसरे पत्र मी याच सुमारास लिहिले. ते फार रडके झाले म्हणून पाठवले नाही. तिसऱ्यात हिशेब एका ठिकाणी चुकला होता.) आईने मात्र खाटेखालचे गाठोडे आणखी आत सरकवले, अगदी भिंतीपर्यंत. ते मला शिंप्याच्या हसण्यापेक्षा जास्त लागले.

मी पुन्हा खिडकीवर गेलो. मी विचारले, बाई, हप्ता सोडून मध्येच एका फरशीचे पैसे आणून टाकले तर? त्या म्हणाल्या, फरशीचं मला माहीत नाही, पण ते थेट मुद्दलातून कमी होतील, आणि हप्ता तोच ठेवलात तर कर्ज शेवटाकडून तुटेल. आता भरलेल्या तेहतीस हजारांनी शेवटचे जवळजवळ दहा हप्ते गळून पडतील. दहा, मामा. एक लाख ऐंशी हजारांच्या घरात. आज टाकलेला पैसा वीस वर्षे त्या व्याजाचे तोंड दाबून धरतो, म्हणून. मी हे घरी जाऊन स्वतः करून पाहिले, आकडे जुळले. पण रस्त्यात मला दुसरेच सुचले आणि मी फुटपाथवर उभा राहिलो. कर्ज शेवटाकडून तुटते. आणि शेवटाला कोणती फरशी आहे? साठावी.

पुढचे दोन महिने सुट्टीच्या दिवशी मी एका दवाखान्याची जमीन केली. मोठे काम, नऊ खोल्या, कोपरे वाकडे. ते मी सरळ केले. सूनबाईने स्वतःची पावसाळी चप्पल लांबणीवर टाकून पैसे घातले आणि ते कोणालाही सांगू नकोस म्हणाली (म्हणून तुम्हीही कोणाला सांगू नका). तेहतीस हजार तीनशे चौतीस भरले. अपूर्णांक बँकेला सोडला. 'मुद्दलात जमा करावेत, हप्त्यात धरू नयेत' असा अर्ज सोबत दिला, कारण तसे न लिहिल्यास ते पुढच्या हप्त्यांत गडप होऊ शकतात. बाईंनी अर्ज वाचून शेजारच्या साहेबांना दाखवला. काय म्हणाल्या ते काचेमुळे ऐकू आले नाही, पण चेहऱ्यावरून चांगलेच असावे.

खिडकीखालचे सांधे मी लाल भरले. आईने बोट लावून पाहिले, वाळले होते. मग तिने विचारले, "फरशी आपली झाली, पण वरची भिंत?" मी म्हटले, फरशीच्या रुंदीएवढी, छतापर्यंत. हे मी तिथल्या तिथे ठरवले, बँकेला विचारले नाही. पहिला खिळा वाकला. बाबा हातोडी मागायला पुढे झाले, तिने दिली नाही. दुसरा आत गेला. गिलाव्याचा एक तुकडा उडून एकोणसाठाव्या फरशीवर पडला आणि सूनबाई म्हणाली, राहू दे, तो बँकेच्या हद्दीत आहे. फोटो लागला. उजेडात पहिल्यांदाच नीट दिसले की तुम्ही त्यात रडत आहात आणि एकाच पायात चप्पल आहे. येणाऱ्या प्रत्येकाला आई तुम्ही का रडलात ते सांगते. दर वेळी कारण वेगळे असते.

तर मामा, घर कितीला पडले, याचे उत्तर असे, की अजून पडते आहे. पण स्वयंपाकघर, आतला एक कोपरा आणि खिडकी आमची आहे. ती आम्ही कोणाकडे हात न पसरता मिळवली, आणि उरलेल्या अठ्ठावन्नही तशाच मिळवू. एवढे तुम्ही तिकडे सगळ्यांना वाचून दाखवावे.

मामींना नमस्कार. आपला आज्ञाधारक भाचा,
काटकोन

ता. क. लोखंडी कपाट पाठवू नये. ते ठेवायला दोन फरश्या लागतील, आणि दोन्ही बँकेच्या. त्याऐवजी कपाटाची जी किंमत असेल ती पाठवल्यास आणखी थोडे हप्ते गळतील. एकोणसाठावी तुमच्या नावाने ठेवता येईल. खाते क्रमांक पाकिटाच्या आतल्या बाजूला लिहिला आहे. 'मुद्दलात जमा' हे शब्द विसरू नयेत.

आणखी ता. क. आईने आत्ताच वरचे वाचले. ती म्हणते, भावाकडे पैसे मागायची वेळ आलेली नाही. त्याला म्हणावं, नुसता ये आणि खिडकीत बैस. तेव्हा पहिला ता. क. खोडला आहे असे समजावे. प्रत्यक्ष खोडलेला नाही, कारण इतक्या स्वच्छ लिहिलेल्या पत्रात खाडाखोड बरी दिसत नाही.