मामाच्या नावापुढे वेळ नाही

बाबा, तुम्हाला लिहायचं मी तीन वर्षं टाळलं. आजही लिहायला बसलो नव्हतो. बसलो होतो धाकटीच्या लग्नाचा टाइमटेबल करायला, तुमच्याच त्या चिमट्याच्या पॅडवर, जो मांडीवर घेऊन तुम्ही बसस्टँडच्या खिडकीत गाड्यांच्या वेळा लिहीत होते. लग्न उद्या आहे. चार दिवसांपासून धाकटी मागे लागली आहे आणि चार दिवसांपासून मी "करतो ना" म्हणून कुठंतरी निघून जातो. आज सकाळी तिनं हळदीच्या हातानंच पॅड माझ्यापुढं आदळला. "दादा, कंट्रोलरचा पोरगा होय ना तू? मंग लिव. बाबासारखा, खरा." पॅडवर तिची पिवळी बोटं उमटली आहेत. टाइमटेबल अर्धा झाला, आणि कागद उलटवून मी तुम्हाला लिहीत बसलो.

खरा टाइमटेबल कसा करायचा, ते तुम्हीच सांगा. पत्रिकेत मुहूर्त अकरा पस्तीसचा आहे. नवरदेवाची बस बल्लारपूरहून आठला निघणार म्हणतात. म्हणजे आठला नवरदेवाचा काका अंघोळीला जाणार. रस्त्यात ट्रकांची रांग लागली तर ते वेगळं. राजुऱ्याची पार्लरवाली नऊच्या आधी हात लावत नाही, आणि तिला तीन तास लागतात. हे ऐकून मी बोटांवर मोजलं, पुन्हा मोजलं, मग मोजणंच सोडलं. फोटोवाल्याला भर उन्हात नवरी तलावाच्या पाळीवर पाहिजे, वरून ड्रोन उडवायचा आहे. मारुतीच्या देवळापासून आपल्या मांडवापर्यंत दोनशे पावलं आहेत, मी स्वतः चालून पाहिली. पण डीजे असला की त्याच दोनशे पावलांना दीड घंटा. नवरदेवाला फोन करून विचारलं, भाऊ, नाच आटपता येईल का थोडा? तर म्हणतो, "दादा, माह्या हातात काई नाई. मी तं घोड्यावर राह्यीन."

तुमचं बरं होतं. गावातले सगळे पाहुण्यांना मुहूर्त एक घंटा आधीचा सांगत, म्हणून सगळे पाहुणे एक घंटा उशिरा येत. तुम्ही एकटेच खरा सांगत होते. दुसऱ्यांच्या लग्नातही पॅड घेऊन मांडवाच्या खांबाला टेकून उभे राहत, आणि पोरं पंगतीतून ओरडत, "कंट्रोलरभाऊ, गाडी लागली का?" तुम्ही घड्याळ बघून गंभीरपणे सांगत, "सात मिनटं लेट." रुसव्याचाही वेळ तुमच्या कागदात असे. "जवाई रुसन. त्याले मनवाले अर्धा घंटा धर. नाई रुसला तं जेवण गरम भेटन." हे सगळं मी तसंच उतरवलं आहे. रुसवा, अर्धा घंटा. पुढची ओळ मामाची आहे, आणि तिथं माझं पेन अडलं.

धाकटीचं एकच म्हणणं आहे. "मामा मागं उभा राह्यल्याशिवाय मी पाटावर चढत नाई."

"मामा सहा वर्षांत या घरात जेवला नाही," मी म्हटलं.

"मंग थांबीन."

"नवरदेवाकडचे थांबतील का?"

"थांबतीन. नाईतं जातीन बस घेऊन. माह्यासाठी लग्न हाय का मुहूर्तासाठी?"

चुलीजवळून माय म्हणाली, "ऐकली का तुह्या बापाची लेक? माह्या भावानं पत्रिका तं घेतली, पण फोन नाई उचलून राह्यला." आणि पुन्हा परातीतल्या पिठाकडं वळली. त्या दोघींना वाटतं, मामा तुमच्या चुकीनं रुसला आहे. मामालाही तेच वाटतं. तुम्ही आणि मी सोडून सगळ्यांनाच तेच वाटतं, आणि याचाच मला संताप येतो.

सहा वर्षांपूर्वी, थोरल्या बहिणीच्या लग्नाचा दिवस. मामा अहेरीकडून येणार, दहाला फाट्यावर उतरणार. तुम्ही तुमच्या मोटरसायकलची किल्ली माझ्या हातात दिली आणि म्हणाले, "सरळ जा, सरळ ये." मी तर वीस मिनिटं आधीच निघालो होतो. तुमच्या कागदापेक्षाही आधी. पण वाटेत तलाव. उन्हाळ्यानं पाणी गुडघ्यापर्यंत उतरलेलं, आणि त्या दिवशी शेवटचं मोठं जाळं ओढत होते. पाच मिनिटं पाहू म्हणून गाडी पाळीवर लावली. खालून कुणीतरी ओरडलं, "पाह्यतं काय बे, धर इकडून!" मी नवी पँट गुडघ्यावर दुमडतो आणि उतरतो. दोर ओला आहे, जाळं जड आहे, दोन्ही बाजूंनी माणसं ओरडताहेत, जाळ्याचा घेर लहान होतो तसतसे मासे उड्या मारताहेत, एक रोहू माझ्या छातीवर आदळून पाण्यात पडतो आणि मी हसतो आहे. बाबा, इतकं हसलो नव्हतो कधी. वर पाहिलं तेव्हा सूर्य डोक्यावर होता.

फाट्यावर कुणी नव्हतं. चहावाला म्हणाला, "एक धोतरवाले बाबा पाऊण घंटा उभे होते. मंग पायीच निंगले, वावरातून." मी गाडी वळवली. गावाच्या अलीकडंच भोंग्यावर मंगलाष्टकं ऐकू आली. तुम्ही वेळेवर लग्न लावलं होतं. मामा मांडवाच्या तोंडाशी पोचला तेव्हा अक्षता पडून गेल्या होत्या. काखेत थोरलीसाठी आणलेली साडी, धोतराला वावरातले गोखरू, आणि एवढ्या माणसांत तुमच्याकडं बघून तो म्हणाला, "भाऊजी, तुमी लग्न नाई लावलं. बस सोडली." साडी खुर्चीवर ठेवली आणि वळला.

मी तुम्हाला म्हणालो, गाडी पंक्चर झाली होती. तुम्ही माझ्या तोंडाकडं पाहिलंच नाही, पायांकडं पाहिलं. गुडघ्यापर्यंत चिखल वाळून पांढरा झाला होता. मला वाटलं, आता कानाखाली बसणार. तुम्ही म्हणाले, "पाय धुवून ये. पंगत बसून राह्यली." मग मामाच्या मागे रस्त्यावर गेले. मी हातपंपाशी उभा होतो, मला सगळं ऐकू आलं. "पोराची काई चूक नाई. गाडी पंक्चर झाली. मीच थांबलो नाई, चूक माही हाय."

काऊन, बाबा? ज्या माणसानं खिडकीतून कधी कुणाला खोटी वेळ सांगितली नाही, त्यानं एवढं साफ खोटं बोलायचं? माझ्यासाठी? ओरडले असते तर संपलं असतं. चार माणसांत मारलं असतं, मामानंच मला सोडवलं असतं, आणि मग तो जेवला असता. त्याऐवजी आठ दिवसांनी तुम्ही मला घड्याळ आणून दिलं. ते घड्याळ मी वर्षभर घातलं, मग सिरोंच्याकडे तेंदूपत्त्याच्या हंगामात गेलो तेव्हा एका ड्रायव्हरला देऊन टाकलं. हातावर ते टिकटिकत होतं आणि मला तुमचं ते पायांकडं बघणं आठवत होतं. त्यानंतर मी कुठं कुठं राहिलो, राजुऱ्यात मोबाईलच्या दुकानात, कुठं ट्रकवर, ते तुम्हाला माहीत आहेच. मामा तीन वर्षांपूर्वी तुमच्या तेरवीला आला होता. पाणीसुद्धा न पिता गेला. तेव्हाही मी बोललो नाही. मांडवाचा खांब धरून उभा राहिलो, झालं.

आणि आता धाकटीला खरा टाइमटेबल पाहिजे. सगळ्या ओळी भरल्या आहेत. पार्लरवालीला मी विनवण्या करून सकाळी सहाला बोलावलं, नाच पाऊण घंट्यावर आणला, ड्रोन लग्न लागल्यानंतर. फक्त मामाच्या नावापुढं वेळ नाही. न येणाऱ्या माणसाला किती मिनिटं धरायची, हे तुम्ही कधी शिकवलं नाही. अंगणात मांडव अजून उघडा आहे, कारण जांभळीच्या डहाळ्या आणायला गेलेला ट्रॅक्टर दहाला येणार होता आणि आता अडीच वाजले आहेत. हेही तुम्ही असते तर

मधेच उठावं लागलं. माय बाहेर आली, फोनला पीठ लागलेलं. "तुह्या मामाचा फोन. फाट्यावर उतरला म्हणते. आजच!" आणायला कोण जाणार, मी विचारलं. ती म्हणाली, "म्हणते, पोरालेच पाठव. पाच मिनटं वाट पाह्यतो, मंग मीबी बस सोडतो." आणि पदर तोंडाला लावून आत गेली. हसत होती की काय, कळलं नाही.

फाटा सात किलोमीटर आहे. पाच मिनिटांत कुणाच्या बापाला तरी पोचता येईल का? येताना तो मागं बसलेला असेल, माझं तोंड त्याला दिसणार नाही, तेवढ्यात सांगून टाकायचं असं आत्ता तरी ठरवलं आहे. गाडी पंक्चर झाली नव्हती, बाबा. तुम्हाला ते चिखलावरून कळलं होतं, पण मी तोंडानं कधी बोललो नाही. हे आज पहिल्यांदा. किल्ली हातात आहे. वाटेत तलाव आहे, तिकडं बघणार नाही. पाचातलं एक मिनिट हे लिहिण्यात गेलं.