सरकत्या ओळींची चौकशी

आदिलाबाद, २८ जुलै १९९४

आदरणीय मेव्हणे वामनराव,

सप्रेम जयभीम. नागपुरात आपलं मानेचं दुखणं (कॉम्प्युटरपुढे बसून पगारासकट मिळालेलं) कसं आहे ते कळवावं. इकडे आपल्या भगिनी रेणुकाबाई ठणठणीत. धसका एकट्या मला बसला आहे.

आपल्याच सल्ल्यानं (हे विसरू नये) मी इथल्या कॉम्प्युटर क्लासात नाव घातलं. प्रमाणपत्र मिळालं तर बदली आदिलाबादला, नाही तर रिटायर होईपर्यंत रोज नार्नूरच्या कचेरीची बस. क्लासात यंत्र एक, शिकणारे अकरा, चपला बाहेर. दौलत सर म्हणाले, प्रोग्रामातल्या आतल्या ओळी चार घरं आत सरकवा. मी जुना टायपिस्ट. प्रत्येक ओळीला इमानदारीनं स्पेसबार ठोकून चार घरं सोडली. पण एंटर दाबताच यंत्र स्वतःच वरच्या ओळीइतकं आत सरकून बसे, आणि त्यावर माझी चार. विसाव्या ओळीला मजकूर पडद्याच्या उजव्या काठावरून दिसेनासा झाला. नोकरीत फायली गहाळ झालेल्या पुष्कळ पाहिल्या, पण डोळ्यांदेखत चालत गेलेली ही पहिलीच.

रेणुकाबाई भाकर थापता थापता म्हणाल्या, "तुमी बी सरकवता, ते बी सरकवते. मंग ओळ जाईन नाही तं काय? एकानं हात काढा." मी माझा काढायला हवा होता. यंत्राचा काढला. कुठल्याशा यादीत आपोआप सरकवण्याची पाटी सापडली, तिच्यापुढची 'चालू'ची फुली पुसली आणि सेव्ह केलं.

दुसऱ्या दिवशी सगळ्यांच्या ओळी डाव्या भिंतीला टेकून उभ्या, शिक्षा झालेल्या पोरांसारख्या. हातानं सरकवायची सवय कुणालाच नव्हती. सर पांढरे पडले. हा व्हायरसच, असं त्यांनी ठरवलं, आणि तेव्हापासून पायही धुऊन आत जावं लागतं. मीही धुतो.

आठ तारखेला हैदराबादहून परीक्षक येताहेत.

आपला,
मोतीराम

ता.क. फुली परत कशी घालायची तेवढं कळवा. पाटी कुठल्या यादीत होती ते धसक्यात विसरलो. कार्ड नको, बंद पाकीट पाठवा. पोस्टमन धोंडीबा कार्डं वाचतात, आणि क्लासात माझ्या शेजारीच बसतात.

आणखी ता.क. सरांचा संशय आता व्हायरसावरून माणसावर आला आहे. सापडेल त्याचं नाव परीक्षेतून कटणार. वयानं मोठा आणि कचेरीतला म्हणून चौकशी माझ्याकडेच दिली आहे. दहा जबान्या झाल्या. अहवालात सल्ला देणाऱ्याचंही नाव लागतं. ते रेणुकाबाईंचं लिहावं की आपलं, हे आपलं पाकीट कधी येतं त्यावर ठरेल.