डावखुरी कात्री

३ मार्च
“धाकटे, तू जन्मभर माझ्या मागेच चालणार!” ताई हे म्हणाली तेव्हा मी सहा वर्षांची होते. आज तीच ताई माझं बोट धरून शाळेत गेली. सात वर्षांची, पुढचे दोन दात पडलेली. मला आई म्हणते.
ताई गेली, तेव्हा तिच्याच पेशीपासून हिला घडवलं. आठव्या वाढदिवसाच्या आत मुलीला खरं सांगायचं, अशी तेव्हाच दवाखान्याने माझी सही घेतली होती. वीस दिवस उरलेत. सांगितलं आणि तिने मला आई मानायचं सोडलं तर?

९ मार्च
तिला आमच्या पुस्तक-बाइंडिंगच्या दुकानात नेलं. ताईच्या स्टुलावर बसली, पाय लोंबकळत. ताईच्या डावखुऱ्या कात्रीने पुठ्ठा कापायला दिला. कापला कसला, कुरतडलाच! म्हटलं, येईल हळूहळू. रक्तातच आहे.

१२ मार्च
शाळेतल्या बाईंनी अक्षराचं कौतुक केलं. मी मोठ्या ऐटीत म्हटलं, डावखुरी आहे, मावशीवर गेलीय. बाई बघतच राहिल्या. शाळेत ती उजव्या हाताने लिहिते — पहिल्या दिवसापासून!
येताना विचारलं. म्हणाली, “घरी डावा. तुला आवडतो ना.”
तीन वर्षं हे एवढंसं पोर माझं मन राखत होतं. आणि मी समजत होते, मी तिला वळण लावतेय. हसावं की रडावं? आधी हसले.

१३ मार्च
साधी कात्री आणली. पुठ्ठा झक्क कापला. मग त्याचा ढोल करून तासभर बडवला. ताईला टाचणी पडलेली खपायची नाही.

२० मार्च
सांगितलं. दुकानात चिकटवायची खळ ढवळता ढवळता, तिच्याकडे न बघता.
तिने विचारलं, ताई कशाने गेली? हृदयात खोट होती, म्हटलं, तुझ्यात ती आधीच काढून टाकलीय. मान डोलावली. ढोलावर दोन टिचक्या मारल्या.
“मग आपल्यात मोठी कोण?”
मी बेसावध. म्हणून गेले, “तशी ताईच मोठी.”
“म्हणजे मी.”

२१ मार्च
धाकटे, दूध गाळून दे. धाकटे, माझे मोजे कुठेत? रस्त्याने ही पुढे, मी दप्तर घेऊन मागे! या एका शब्दासाठी नऊ वर्षं कान आसुसले होते. दुकानात एकटीच पोट धरधरून हसले.

२३ मार्च
वाढदिवस. आठ मेणबत्त्या एका फुंकरीत. दिवसभर धाकटे, धाकटे. तोच आवाज, तोच हेल. आणि संध्याकाळी लक्षात आलं, तीन दिवसांत एकदाही आई म्हणाली नाही.
उद्या वेणी घालताना सांगणार आहे — बाळा, मला परत आई म्हण.
ऐकायची नाही. म्हणेल, मोठ्यांना हुकूम सोडायचे नाहीत, धाकटे.