विरोधकाची पाटी आमच्या अंगणात

तीर्थस्वरूप प्रतापदादा,

गुरुनाथचा इलिनॉयहून साष्टांग नमस्कार. तुमचा गुडघा आता जिना चढू देतो का? वहिनी बऱ्या असतीलच. आम्ही तिघं प्रकृतीने ठीक आहोत. बाकी कशानेच नाही. (ईमेल करतोय, कारण घरच्या ग्रुपवर तुमची बहीण आहे.)

तुम्हाला ठाऊकच आहे, आमच्या या मक्याच्या मुलखातला खासदार अचानक राजीनामा देऊन गेला आणि गावच्या दवाखान्यातली तुमची डॉक्टर बहीण पोटनिवडणुकीला उभी राहिली. तो पहिला धक्का. दुसरा गेल्या शनिवारी बसला. शैलजा आणि आमची रुही प्रचाराला गेल्या होत्या, मी घरी. दार वाजलं. बाहेर बर्फात ऐंशीचे एक शेतकरी काका, वॉल्टर, म्हणजे शैलजाचे प्रतिस्पर्धी! सोबत इथल्या साप्ताहिकाची वार्ताहर. नुसत्या घरक्रमांकांची यादी घेऊन घरोघर निघालेले. हे घर कोणाचं, याचा पत्ताच नाही. (इथे आपल्या उमेदवाराच्या नावाची पाटी लोक अंगणात रोवतात; आमच्या अंगणात आमचीच पाटी नव्हती. 'रविवारी लावतो' म्हणून मी ती तीन रविवार गॅरेजमध्ये ठेवली होती.) त्यांनी विचारलं, अंगणात माझी पाटी लावू का? आता दादा, दारात कुडकुडणाऱ्या वडीलधाऱ्या माणसाला तोंडावर नाही कसं म्हणायचं? मी म्हटलं, "शुअर, शुअर!" पाटी लागली, तिचा फोटो निघाला, आत चहा झाला, चिवडाही झाला. मग काकांनी सहज विचारलं, "मिसेस कुठे?" म्हटलं, "तुमच्याविरुद्ध प्रचाराला." त्यांना ठसकाच लागला. बिचारे पाटी उपटायला धावले. आणि मी (अजून माझाच विश्वास बसत नाही) त्यांचा हात धरून म्हणालो, "राहू द्या हो, लावलीच आहे तर!"

बुधवारी साप्ताहिक निघालं, फोटो पहिल्या पानावर आला. वर मथळा : 'उमेदवाराच्या घरचं मत कोणाला?' रुही म्हणाली, "बाबा, सीरियसली?" शैलजा काहीच म्हणाली नाही. तीन दिवस झाले, अजून म्हणालेली नाही. मतदान येत्या मंगळवारी आहे, लढत अटीतटीची आहे, आणि ती हरली तर कारण म्हणून मी तिला जन्मभर पुरेन.

आपला,
गुरुनाथ

ता. क. : खरं काम असं. शैलजा फक्त तुमचं ऐकते. तिला फोन करून सांगा, की जिल्हा परिषदेला उभे होतात तेव्हा तुम्हीही विरोधकाची पाटी दारात लावू दिली होती. दिली नसेल तरी सांगा.

ता. क. २ : दादा, मी शैलजा. हे लॅपटॉप उघडा टाकून दुकानात गेलेत. अजिबात फोन करू नकोस. फोटो सोबत जोडते. जमीन गोठलेली होती, काकांच्याने पाटीचा खुंट आत जाईना. तेव्हा हातोडा कोण मारतंय, ते चष्मा लावून बघ.