दस्ती टाकलेली खुर्ची

६ जानेवारी २०२५, सोमवार

आलो बाई एकदाचे माजलगावला! पुणं सोडताना मैत्रिणींनी असे चेहरे केले होते, जणू मला कुणी तडीपार केलंय. इथे तर सगळं छान आहे. सासरे गेल्यापासून मोंढ्यातलं, म्हणजे इथल्या धान्यबाजारातलं, खत-बियाण्यांचं दुकान बंदच होतं. ते आता केदारनाथ चालवणार. सासूबाई, म्हणजे जगदेवीआई, इतक्या खूश आहेत की दोन दिवसांत त्यांनी सायलीला पार डोक्यावर बसवलंय. आमची ही पाच वर्षांची कार्टी नव्या शाळेत रडेल म्हणून मी रुमाल घेऊन तयार होते, तर फाटकात मलाच म्हणाली, "आई, जा ना तू आता."

नोकरी मी सोडलेली नाही. लग्न झालं तेव्हाही सोडली नाही, आता तर मुळीच नाही. कंपनीने घरून काम करायला परवानगी दिलीय, पण नेट बंद पडता कामा नये एवढी एकच अट आहे. आणि घरचं नेट म्हणजे पाहुण्यासारखं, येतं आणि चहा होईपर्यंत जातं. पण केदारने तोड काढली. मोंढ्यातच म्हणे को-वर्किंग ऑफिस निघालंय! मी आधी हसत सुटले. उद्या बघून येते.

८ जानेवारी, बुधवार

हसले होते ते परत घेते. ऑफिस झकास आहे. नाव 'बैठक'. विजयसिंह नावाचा मुलगा चालवतो. घरची मोठी बागायती, वडील मोहनराव जुने पुढारी. हा पुण्याला इंजिनिअर झाला आणि परत येऊन आजोबांच्या इमारतीच्या वरच्या हॉलमध्ये काचा, एसी, कॉफीचं मशीन बसवून मोकळा झाला. खाली आडत आहे, त्यामुळे मीटिंगमध्ये मधूनच हमालांच्या आरोळ्या येतात. माझ्या बंगळुरूच्या साहेबांना वाटलं, आमच्याकडे दंगल चाललीय.

इथला नियम असा, की कुणाचीच जागा ठरलेली नाही. जो आधी येईल त्याची खुर्ची. विजयसिंह अगदी कौतुकाने सांगत होता, की पुण्या-मुंबईला आता सगळीकडे असंच आहे. पण माणसं शेवटी एसटीत वाढलेली! प्रत्येक जण आला की खुर्चीवर रुमाल टाकतो आणि मग निवांत खाली चहाला जातो. रुमालाला इथे दस्ती म्हणतात. रोहिणी नावाची मुलगी दुबईच्या पोरांना गणित शिकवते, ती तर दारातूनच नेम धरून दस्ती फेकते. दस्ती पडली की जागा तिची, मग तिथे दिवसभर कुणी बूड टेकवणार नाही. आमच्या सोलापूरला एसटीत रुमालावरून मारामाऱ्या व्हायच्या. ही माणसं लई सभ्य. (बघा, चार दिवसांत 'लई' म्हणायला लागले!)

खिडकीजवळच्या खुर्चीवर मात्र एक जुनी, विटकी हिरवी दस्ती कायमचीच असते. धुतलेली, नीट घडी घातलेली. तिथे कुणी बसत नाही. विजयसिंहला विचारलं, तर म्हणाला, "ती असू द्या ताई. वडलांचं हाय ते." आणि त्याने विषयच बदलला.

१० जानेवारी, शुक्रवार

आज मोठ्या क्लायंटची मीटिंग होती आणि मला सायलीच्या शाळेतून यायला उशीर झाला. सगळ्या खुर्च्या भरलेल्या, नाहीतर दस्त्या टाकलेल्या. दस्त्यांचे मालक खाली भजी खात बसलेले! खिडकीजवळची खुर्ची तेवढी रिकामी. उजेड छान, प्लग शेजारीच. मी ती हिरवी दस्ती उचलून खिडकीत ठेवली, माझा पिवळा रुमाल खुर्चीच्या पाठीवर टाकला आणि बसले.

रोहिणीचा तास चालू होता. ती बोलता बोलता थांबली आणि तोंड उघडं टाकून माझ्याकडे बघत राहिली. मला रागच आला. निर्जीव खुर्चीला कशाला सोवळ्यात ठेवायचं? मीटिंग उत्तम झाली. साहेब खूश.

एवढंच, की ती दस्ती ओली होती. उचलली तेव्हा हाताला गाळाचा वास लागला, हात साबणाने तीनदा धुतले तरी तो गेला नाही.

१३ जानेवारी, सोमवार

साहेबांचा सकाळीच फोन. शनिवारी सुट्टी असून मी कॉलला बसले म्हणून आभार मानत होते. मी शनिवारी धर्मापुरीला होते! घरचे सगळे देऊळ बघायला गेलो होतो, फोनही बंद होता. तसं सांगितलं, तर त्यांनी हसत फोटोच पाठवला. खिडकीजवळची खुर्ची. पाठीमागून उजेड असल्यामुळे चेहरा काळा दिसतोय, पण केस माझे, कुडता माझा. खांद्यावर पिवळा रुमाल. ती बाई काही बोलली नाही म्हणे, नुसतं ऐकत बसली होती.

काहीतरी जुनं रेकॉर्डिंग असणार. मी जास्त डोकं लावलं नाही. खिडकीत ठेवलेली दस्ती मात्र कुठेच सापडली नाही.

१५ जानेवारी, बुधवार

संक्रांतीची सुट्टी संपवून आज गेले, तर माझा पिवळा रुमाल खुर्चीवर तसाच. मी बसणार, एवढ्यात रोहिणी म्हणाली, "ओ मॅडम, तितं बसलंय कुनीतरी." खुर्ची रिकामी होती. मग तिने माझ्याकडे नीट पाहिलं आणि कपाळावर हात मारला. "अगं बाई, ताई तुमीच का! मला वाटलं तुमी बसल्यात."

सगळे हसले. मीही हसले. पण ती मला मॅडम का म्हणाली? आठवडाभर आम्ही एका डब्यात जेवतोय.

१७ जानेवारी, शुक्रवार

घरी आले, भूक लागली होती. ताट मागितलं तर जगदेवीआई म्हणाल्या, "आत्ता तर जेवलीस की गं माझ्याबरोबर. दीड भाकर खाल्लीस." खरकटं ताट मोरीत होतं. मी म्हटलं, मी आत्ता दारातून आत येतेय. त्या घाबरल्या नाहीत. माझीच कीव केल्यासारख्या बघत राहिल्या.

केदारला सांगितलं. तो म्हणाला, शिवानी, दगदग होतेय तुझी, सोड ती नोकरी. मग म्हणाला की तू दुपारी घरी असतेस तेव्हा किती शांत असतेस. मी दुपारी घरी नसतेच.

झोपताना सायली कानाशी येऊन हळूच म्हणाली, की तुझ्या जागेवर दुपारी एक मावशी झोपते. उशी ओली करते. मी उशीला हात लावला.

आता मला भीती वाटतेय. उगाच आडून आडून कशाला लिहू?

२० जानेवारी, सोमवार

विजयसिंहच्या खनपटीला बसून विचारलं. त्याने मला मोहनरावांकडेच नेलं. म्हातारा पलंगावर बसलेला. मी खुर्चीचं सांगितलं तसा त्याचा चेहराच उतरला.

मोहनरावांनी सांगितलं ते असं. धरण नवं झालं आणि पाणी चढायला लागलं, तेव्हा नदीकाठच्या एका गावाची माणसं बोचकी घेऊन 'बैठक'च्याच हॉलमध्ये उतरली होती. वच्छलाबाई नावाच्या बाईने खिडकीजवळ आपली दस्ती टाकली, जागा धरून ठेवा म्हणाली आणि मागे राहिलेल्या लेकीला आणायला गावात गेली. मोहनराव तेव्हा कॉलेजात. त्यांना खताची पोती ठेवायची होती. "आमीच उचललीवती ती दस्ती," ते म्हणाले. बाई लेकीचं बोट धरून परत आली, तर जागा नाही. कुणी सरकलं नाही. दोघी बराच वेळ दारात उभ्या होत्या. मग आपल्या घराकडेच परत गेल्या. घरात तोवर पाणी शिरलं होतं. पुन्हा कुणाला दिसल्या नाहीत.

तेव्हापासून मोहनराव दस्ती धुऊन तिथे टाकतात. इतकी वर्षं ती तेवढ्यावर गप्प बसली. "तिची जागा तुमी घेतली, लेकी. आता ती तुमची घेनार."

मी ओरडले, आधी सांगितलं का नाही? बोर्ड लावायचा! ते खाली मान घालून म्हणाले, "हितं कुनी दुसऱ्याची दस्ती उचलत न्हाई. कुनी उचलंल असं मनातच आलं न्हाई."

मग काय करू, विचारलं. जन्मभर लोकांना आश्वासनं दिलेल्या त्या माणसाने माझ्यापुढे नुसते हात जोडले.

२२ जानेवारी, बुधवार

नवी हिरवी दस्ती घेतली. नारळ फोडला. खुर्चीवर दस्ती ठेवून रडून रडून माफी मागितली. सगळे बघत होते, बघू देत.

दुपारी रोहिणी सहज त्या खुर्चीवर जाऊन बसली. काही झालं नाही. तास घेतला, हसली, खिडकी उघडली.

वच्छलाबाईला ही खुर्ची आता नकोच आहे. तिला जागा मिळालीय.

२५ जानेवारी, शनिवार

आज आमच्याकडे संक्रांतीचं हळदीकुंकू. घरी बसवेना म्हणून सुट्टी असूनही 'बैठक'ला गेले होते. तिथून लवकर निघाले. दारात चपलांचा ढीग. आत गेले तर आई लगबगीने पुढे आल्या, "या, या, बसा." मला! कुंकू लावलं, तिळगूळ दिला, वाणाची वाटी हातात ठेवली. आणि विचारलं, "कुनाच्या तुमी? मोंढ्याकडच्या का?"

माझ्या घरात मला वाण.

अत्तर लावायला ती आली. माझी निळी इरकल, माझं मंगळसूत्र, माझा चेहरा. बोटं गार, ओली. ती माझ्यावर रागावलेली नव्हती. एसटीत जागा मिळालेलं माणूस उभ्या माणसाकडे बघतं, तसं तिने बघितलं आणि पुढच्या बाईकडे गेली.

सायली धावत आली, माझ्या गुडघ्यांना मिठी मारली. "आई, तू पाहुणी का झालीस?" सगळ्या बायका हसल्या. केदारने तिला अलगद सोडवून घेतलं. मला म्हणाला, "माफ करा ताई. लहान आहे."

मी किंचाळले. मी काय काय बोलले आठवत नाही. शेजारच्या दोघींनी दंडाला धरून मला रस्त्यापर्यंत आणून सोडलं. प्रेमाने सोडलं, पाणीसुद्धा दिलं.

२७ जानेवारी

फोन माझ्या अंगठ्याने उघडत नाही. रोहिणीचा फोन मागून साहेबांना केला. ते म्हणाले, शिवानीने शुक्रवारीच राजीनामा दिला, आपण कोण? सोलापूरला आईला केला. आई म्हणाली, शिवानीशी तर सकाळीच बोलले, मजेत आहे ती—

रोहिणीने हळूच फोन काढून घेतला. तिलाही मी माहीत नाही.

स्टँडवर राहते. बाकड्यावर बसले की कुणी ना कुणी येतं, म्हणतं इथे बसलंय. बघते तर रुमाल असतो. आधी नसतो.

२९ जानेवारी

सायली ओळखते. तेवढंच उरलंय. शाळा सुटली की गर्दीत माझा हात धरते, घट्ट. आज म्हणाली, ती आई लाडू करते, लॅपटॉप उघडत नाही, पण तिच्या मांडीवर गार लागतं. अर्धा लाडू मला दिला. मग ती न्यायला आली.

सायली. सायली केदारनाथ. रोज लिहायचं. विसरायचं न्हाई.

मी 'न्हाई' लिहिलं? मी असं लिहीत नाही.

३१

सोलापूरचं घर आठवायला बसले. दार आठवलं— दारात लिंब, पलीकडे नदीचा घाट, गोठा. हे आमचं घर नाही. आम्ही तिसऱ्या मजल्यावर राहायचो. मग हा लिंब—

पायाशी पाणी आल्यासारखं वाटतं. बघितलं तर कोरडं.

पोरीने आज हात धरला. लवकर सोडला.

मंगळवार असल

लई दमले. कुटं टेकू देत न्हाईत. उभ्यानं लिव्हते. अक्षरं नीट येत न्हाईत. हे 'क' हाय का—

ते घर मोठ्या बाईचं. मोंढ्याकडचं. तिला एक पोरगी हाय, माज्यासारकी. न्हाई. माजी हाय. माजी—

.

शाळा सुटली. पोरगी आली. माज्यापुडं थांबली. लई येळ बगितलं. मी हात पसरले.

म्हनली, तुमी थोड्या माज्या आईसारक्या दिसता.

मागून तिची आई आली. बोट धरलं. चालल्या दोगी.

हाक माराया तोंड उगडलं. नाव. पोरीचं नाव. रोज लिव्हलंय मी, हितंच कुटं तरी, पन वाचता— ओठावर हाय, स— सा—