माझ्याच जागेची जाहिरात

९ ऑक्टो. २००६, सोम.
आउसलेंडरआम्ट. सव्वासातला पोचले तरी नंबर ८७. एक बाई लेकराला केळं भरवत होती, बाकी सगळे भिंतीकडे बघत बसलेले. परदेशी लोकांचं ऑफिस म्हणजे परदेशी लोकांनी बसायचं ऑफिस, बाकी काही नाही.
तिथली फ्राउ केसलर सहा वर्षांत मला नावानं ओळखायला लागलीय. कॅलेंडरवर बोट ठेवून म्हणाली, ३० नोव्हेंबर. पीएच.डी.नंतर नोकरी शोधायला दिलेलं वर्ष त्या दिवशी संपतं. म्हटलं, नोकरी मिळालीय, कागद तुमच्यासमोरच आहेत. गेनाऊ, बरोबर, म्हणाली. पण ती जागा आधी इथल्या कुणाला देता येते का ते आर्बाइट्सआम्ट, म्हणजे रोजगार कचेरी, बघणार. जाहिरात द्यायची, ते माणसं पाठवतील. लायक कुणी नाही सापडलं तर तुम्ही.
सहा वर्षं झाली आणि मी अजून 'नाही सापडलं तर'मध्ये.

११ ऑक्टो., बुध.
शेफना सांगितलं. हेर ल्युडेके, आमच्या एकोणीस माणसांच्या कंपनीचे मालक, पाव खात होते. म्हणाले, "जाहिरात तुम्हीच लिहा, फ्राउ डॉक्टर. अशी लिहा की तीत फक्त तुम्हीच बसाल."
अख्खी दुपार गेली. स्वतःबद्दल लिहायचं म्हटलं की माझा हात आखडतो, बायोडेटा लिहितानाही असंच. गिअरच्या दातांची मापं घेणाऱ्या यंत्राची जुळणी, चाचण्या, हे सगळं नीट लिहिलं. प्रोग्रॅमिंगपाशी अडले. शेवटी लिहिलं, 'येत असल्यास उत्तम; तीन महिन्यांत शिकवता येईल.' मीसुद्धा इथेच धडपडत शिकले, मग 'आलंच पाहिजे' कोणत्या तोंडानं लिहू? शिवाय आप्पा, माझे वडील. सांगलीच्या आयटीआयमध्ये एकतीस वर्षं फिटर ट्रेड शिकवला, परीक्षा घेतल्या. एका पोरासाठी पेपर काढायचा नसतो म्हणायचे.
शेफनी न वाचता सही केली. गेलं ते.

१७ ऑक्टो., मंगळ.
थंडी. लॅबमधलं हीटिंग सुरू झालं आणि यंत्राचं नखरे करणंही सुरू. सकाळी एक माप सांगतं, दुपारी दुसरं. चार मायक्रॉनचा फरक. माणसाचा केस सत्तर, म्हणजे एका केसाचा अठरावा भाग, पण गिअरवाल्यांना तेवढंही चालत नाही. मागच्या हिवाळ्यातही हेच. माझ्याच प्रोग्रॅममध्ये घोळ असणार. तिसऱ्यांदा सगळा तपासला. काही नाही.
सध्या अर्धा दिवसच कामाची परवानगी. उरलेला अर्धा दिवस मी फुकट डोकं खाजवते.

२१ ऑक्टो., शनि.
लक्ष्मीपूजन शुभदाकडे, वोल्फ्सबुर्गला. कॉलेजपासूनची मैत्रीण, तिच्यापाशी काही लपवता येत नाही. जाहिरातीचं सांगितल्यावर करंजी हातात तशीच धरून बघत राहिली.
"'उत्तम' काय लिहितेस, बावळट? 'अनिवार्य' लिहायचं. मराठी मातृभाषा अनिवार्य, असंही ठोकून द्यायचं होतंस."
हसून हसून डोळ्यांत पाणी आलं. तिची लेक इरा आईला जर्मनमध्ये विचारत होती, वास इस्ट लोस, काय झालं? काही नाही गं, मावशीनं वेडेपणा केलाय, शुभदा म्हणाली. परतीच्या गाडीत मला काही हसू येईना.

२६ ऑक्टो., गुरु.
आर्बाइट्सआम्टचं पाकीट आलं. तीन नावं. शेफ म्हणाले, तुम्हीच भेटा त्यांना, यंत्र तुम्हालाच ठाऊक. प्रत्येकामागे एक फॉर्म: लायक की नाही, नसल्यास कारण. खाली तपासणाऱ्याची सही, त्याखाली शेफची.
म्हणजे माझ्या जागेवर बसायला कोण लायक आहे ते मीच सांगायचं. कुणाला सांगितलं तर खरं वाटणार नाही.

३० ऑक्टो., सोम.
पहिला आलाच नाही. दुसरा आला, तरणाताठा, दहा मिनिटांत म्हणाला की त्याला बर्लिनला जायचंय, फक्त येऊन गेल्याचा शिक्का द्या. दिला. दाराशी सोडायला गेले तेव्हा इतकी खूश होते की माझी मलाच लाज वाटली. बेकरीत आलुबुखारचा केक खाल्ला. दोन तुकडे.

२ नोव्हें., गुरु.
तिसरा. हेर ब्रांडेस, वय ५४. इस्त्रीचा शर्ट, पाच मिनिटं आधी हजर. मापयंत्रं जुळवण्यात सव्वीस वर्षं, मग कारखाना बंद, दीड वर्ष घरी. प्रोग्रॅमिंग? नाही, म्हणाले, पण मुलगी शिकवेल.
लॅबमध्ये नेलं. माझी मापांची वही चाळली, सकाळची-दुपारची. मग यंत्राखालच्या ग्रॅनाइटच्या दगडावर तळहात ठेवला. एका कडेला, मग दुसऱ्या कडेला, परत पहिल्या. डोळे मिटून. म्हणाले, "इथे गरम आहे."
खिडकीखालचा रेडिएटर. दगडाची एकच बाजू तापते, दगड वाकतो. दिसत नाही, पण चार मायक्रॉन वाकतो. दोन हिवाळे मी प्रोग्रॅम उसवत बसले आणि या माणसानं वीस मिनिटांत, नुसत्या हातानं.
त्यांना कॉफी दिली, डब्यातल्या दोन चकल्या दिल्या. घरी आलेल्या माणसाला देतो तशा. एक खाल्ली, एक रुमालात ठेवली, बायकोसाठी. मग विचारलं, "ही जागा कधीपासून रिकामी आहे?"
खोटं बोलायला हवं होतं का? मी म्हटलं, रिकामी नाही. इथे मी बसते.
कपात बघत म्हणाले, "मला नको म्हणता येत नाही, फ्राउ डॉक्टर. नको म्हटलं तर माझा बेकारभत्ता थांबतो. तुम्हाला म्हणता येतं."
वाईट बोलले नाहीत. आहे ते सांगितलं. मला मात्र राग आला, कुणाचा ते कळत नाही.

३ नोव्हें., शुक्र.
दोन कामगारांना घेऊन यंत्र खिडकीपासून हलवलं. अडीच तास. दगड थंड व्हायला रविवार उजाडेल.
शेफ: "काय, कसा होता?" चांगला, म्हटलं. त्यांचा चेहरा पडला. "पण प्रोग्रॅमिंग येत नाही ना? मग झालं. तेच लिहा."

५ नोव्हें., रवि.
कॉलिंग कार्डावरून घरी फोन. आप्पांना दगडाची गोष्ट सांगितली, बाकी काही नाही. इतके खूश झाले की आईला हाका मारून सांगितलं.
"हात कसा आहे गं त्याचा?"
"चांगला. तुमच्यासारखा."
"आणि असला माणूस बिनकामाचा? घ्या की मग त्याला."
म्हटलं, आईला द्या फोन. आईनं विचारलं, ३० तारखेचं काय झालं. म्हटलं, होतंय.

८ नोव्हें., बुध.
शेफना दुसरा रस्ता सापडला. कायद्यात एक कलम आहे: एखाद्या माणसाची त्या प्रदेशालाच गरज असेल तर वेगळा विचार करता येतो. व्यापारी मंडळानं शिफारस करायची, ती हॅनोव्हरला राज्य सरकारकडे, तिथून हो आलं की आउसलेंडरआम्ट परमिट देऊ शकतं. मग जाहिरात नको, ब्रांडेस नको.
शिफारशीचा मजकूर शेफनी स्वतः लिहिला. मी म्हणजे नीडरझाक्सन राज्याचा मोठाच ठेवा. वाचून वाटलं, कोण बाई ही, भेटायला पाहिजे एकदा. प्रोग्रॅमिंगवर तर अख्खा परिच्छेद. तर असं लिहायचं असतं. शेफना जमतं, मला मेलीला नाही.
आज मोजलं. सकाळ-दुपार एकच माप. फरक शून्य. आनंद व्हायला हवा होता.

१४ नोव्हें., मंगळ.
हॅनोव्हरहून उत्तर. इतक्या लवकर येईल असं वाटलं नव्हतं. अत्यंत सभ्य भाषा. विनंतीचा अवश्य विचार होईल. त्यासाठी स्थानिक उमेदवार उपलब्ध नसल्याचा निकाल सोबत जोडावा.
म्हणजे पुन्हा तोच फॉर्म. शेफ हसले, मग हसायचे थांबले. म्हणाले, उद्या द्या भरून, दिवस राहिलेत किती?
सोळा.

१५ नोव्हें., बुध.
फॉर्म भरला. 'प्रोग्रॅमिंग येत नाही. अयोग्य.' एक अक्षर खोटं नाही. पिशवीत घालून घरी आणला, दिला नाही.
जाहिरात काढून परत वाचली. येत असल्यास उत्तम. तीन महिन्यांत शिकवता येईल. माझंच वाक्य. ब्रांडेसनी ते वाचून शर्टाला इस्त्री केली असणार.
शुभदाला फोन. ती सरळ म्हणाली, "तो घरी बसला तरी त्याच्याच देशात बसेल. तू कुठे बसणार आहेस?" बरोबर आहे तिचं. मला सांगलीला जाऊन प्रत्येकाच्या 'मग आता पुढे काय?'ला उत्तर द्यायचं नाहीय. मला इथे राहायचंय. ते यंत्र माझं आहे, त्याचा स्क्रू न् स्क्रू मी बसवलाय, आणि बत्तिसाव्या वर्षी नव्यानं सुरुवात करायची ताकद माझ्यात नाही. थकलेय मी. नुसती थकलेय.

१६ नोव्हें., गुरु.
लॅबमध्ये गेले, कुणी नव्हतं. सहज दगडावर हात ठेवून पाहिला. मला काहीच कळत नाही, मला नुसता दगड लागतो. आप्पा परीक्षेला पोरांच्या जॉबवर, त्यांनी घासून आणलेल्या लोखंडी तुकड्यावर, असाच अंगठा फिरवायचे. मला घेऊन जायचे कधी कधी सुट्टीत. एकदा त्यांच्या मित्राचा पोरगा नापास केला आणि मित्र वर्षभर घरी आला नाही. आई चिडायची, आप्पा म्हणायचे, मी काय करू, जॉब चुकलाय त्याचा.
इथे तर जॉब चुकलेलाच नाही.
नवा फॉर्म मागून घेतला. 'यंत्राच्या कामात माझ्यापेक्षा सरस. प्रोग्रॅमिंग येत नाही, जाहिरातीप्रमाणे तीन महिन्यांत शिकवता येईल. लायक.' सही केली. चांगुलपणा वगैरे काही वाटलं नाही.

१७ नोव्हें., शुक्र.
शेफनी फॉर्म दोनदा वाचला. "हा असाच पाठवायचा?"
"हो."
"तुम्हाला कळतंय ना काय लिहिलंय ते?"
म्हटलं, कळतंय. माझा आवाज चढला, आणि त्यांच्यासमोर मी आजवर कधी आवाज चढवला नव्हता. म्हटलं, तुम्हीच सांगितलंत माणूस तपासा म्हणून. तपासला. नंतर त्यांच्या टेबलावरचा टिश्यू घ्यावा लागला.
शेफ खिडकीशी जाऊन उभे राहिले. आल्झो, म्हणाले, म्हणजे 'तर मग'. आल्झो, पुन्हा. मग येऊन बसले, सही केली, आणि खालच्या रिकाम्या जागेत स्वतःच्या हातानं काहीतरी लिहिलं. चार ओळी, पाचसुद्धा असतील. मला वाचायला दिलं नाही. पाकीट बंद करून स्वतः पोस्टात टाकायला गेले, कोट न घालता.
तीसच्या आत कळेल, म्हणाले. काय कळेल ते त्यांनाही माहीत नाही.

१९ नोव्हें., रवि.
घरी फोन केला. आज सगळं सांगितलं: जागा कुणाची, फॉर्म कुणी भरला, तीस तारीख. आप्पा मधे एकदाही बोलले नाहीत. कार्ड संपलं की काय असं वाटून मी हॅलो हॅलो करत होते.
"आहे, आहे," म्हणाले. मग, "पास केलास?"
"केला."
मागे आई विचारत होती, काय म्हणतेय, काय झालं. आप्पांनी घसा साफ केला. म्हणाले, "तुझी खोली झाडून ठेवायला सांगतो हिला."
मी म्हटलं, "आप्पा, अजून काही ठरलेलं नाही. शेफनी काहीतरी लिहिलंय खाली. होईलही."
"होऊ दे की," आप्पा म्हणाले. "झाडायला काय जातंय."