काहीच न ऐकलेल्या साक्षीदारांच्या चहाबाबत

प्रति,
मा. सहायक पोलीस आयुक्त तथा तपास अधिकारी,
विभागीय कार्यालय, नवी मुंबई.

विषय : सोमवारच्या जामीन सुनावणीपूर्वी आमच्या इमारतीतील साक्षीदारांचे जबाब पुन्हा नोंदवण्याबाबत.
संदर्भ : अत्याचार प्रतिबंध कायद्याच्या कलम १५अ अन्वये, जामिनाबाबत आमचे म्हणणे मांडण्यासाठी मिळालेली नोटीस.

महोदय,

१. मी खाली सही करणार, राहणार करंजाडे, आपणांस कळवतो की माझी पत्नी सौ. गीतांजली ही सदर गुन्ह्यात फिर्यादी आहे. सोसायटीच्या सत्यनारायणाला पार्किंगमध्ये प्रसादाचा शिरा हलवायला माणूस कमी पडला, म्हणून तिने झारा हातात घेतला. त्यावर अध्यक्ष श्री. नंदकिशोर यांनी सर्वांदेखत तिच्या जातीचा उद्धार केला, झारा काढून घेतला आणि अख्खी कढई गटारात ओतायला लावली. त्यानंतर पूजा निर्विघ्न पार पडली. अध्यक्ष सध्या न्यायालयीन कोठडीत आहेत.

२. त्या वेळी जवळजवळ सगळी सोसायटी तिथे हजर होती. जबाब घेतल्यावर मात्र असे निष्पन्न झाले की कुणालाच काही ऐकू आले नाही. आरतीच्या टाळ्या चालू होत्या, असे बहुतेकांचे म्हणणे पडले. गुरुजीच उशिरा आल्यामुळे आरती त्यानंतर तासाभराने झाली; पण ते असो.

३. जामिनाची नोटीस आल्यापासून आमच्या सामाजिक स्थितीत आश्चर्यकारक सुधारणा झाली आहे. इतकी वर्षे आमच्याकडे पाण्याच्या ग्लासलाही हात न लावलेली मंडळी आता रोज चहाला येतात. 'उपवास आहे', 'आत्ताच झाला' ही कारणे बंद आहेत. खजिनदार मितेशभाई तर दुसरा कप मागून घेतात. या सगळ्यांना फक्त गीतांजलीची 'जामिनास हरकत नाही' अशी सही हवी आहे.

४. अडचण अशी की समजूत घालता घालता या मंडळींना सगळे आठवते. 'अहो वहिनी, ते सहज बोलून गेले,' असे सांगून सचिव नमिताताईंनी अध्यक्षांचे वाक्य जसेच्या तसे म्हणून दाखवले. मितेशभाईंनी लगेच दुरुस्ती सुचवली की जातीचा शब्द शेवटी नव्हता, सुरुवातीलाच होता. यावरून दोघांचे आमच्या सोफ्यावर वाजले. मूळ करंजाडे गावचेच असलेले गोटीराम काका म्हणाले, 'त्याचे मनान काय नाय गो पोरी. तुमचे लोकांनी शिऱ्याला हात नाय लावाचा, यवराच बोल्ला. मी बाजूलाच होतो ना!' मग पोलिसांना असे का नाही सांगितले, विचारल्यावर काकांनी उरलेला चहा बशीत ओतून घेतला.

५. श्री. नंदकिशोर कायमचे आत राहावेत अशी आमची इच्छा नाही. लिफ्टवाल्याला दमात घेणे त्यांनाच जमते, आणि ते गेल्यापासून आम्ही सगळे जिन्याने चढतो आहोत. पण ते घरी आले की आमच्याकडचा चहा बंद होईल आणि त्याबरोबर मंडळींची श्रवणशक्तीही जाईल, ही साधार भीती आहे. सबब जबाब आधी, जामीन मागाहून. संध्याकाळी सहाच्या सुमारास आपला कर्मचारी आमच्या घरी पाठवल्यास बरेच काम एका बैठकीत उरकेल. बिस्किटे आमच्याकडून.

६. गीतांजलीचे म्हणणे याहून साधे आहे. ती म्हणते, 'मी कोर्टात बोलणारच. पण मी खरं बोलतेय असं म्हणणारं, आपल्या घरातलं सोडून, एक तरी माणूस असू दे.'

७. हा अर्ज इथेच संपत होता. परंतु आज सकाळी आरोपीच्या पत्नी सौ. संध्या आल्या. आम्ही सवयीने आधण ठेवले आणि 'हरकत नाही'ची वाट पाहू लागलो. त्यांनी कप रिकामा केला आणि म्हणाल्या, 'गीतांजली, मी कढईच्या पलीकडेच उभी होते. सगळं ऐकलं. मला कुणी विचारलं नाही, मीही सांगितलं नाही. नवरा आहे माझा, सुटून यावा असं वाटतंच गं. पण ऐकलंच नाही, असं नाही म्हणवत.' त्यावर दोघींनी चपला घातल्या. मी रिक्षा बोलावली.

तरी योग्य ती कार्यवाही तातडीने व्हावी, ही विनंती.

आपला,
दाराच्या बेलकडे कान लावून बसलेला नम्र अर्जदार,
सुभाष खरात
करंजाडे, दि. १३ नोव्हेंबर २०२५

सोबत :
१. नोटिशीची छायाप्रत.
२. जातीच्या दाखल्याची छायाप्रत.
३. सौ. संध्या. (गीतांजलीसोबत रिक्षाने येत आहेत. मूळ प्रत असल्याने काम झाल्यावर सुखरूप परत पाठवावी.)